अंजूरच्या काळ्या भिंतीची दिशा

भिवंडीला चार दिवस जाऊन आले असं सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग विचारतात, "कापड आणलंस का?" कापड नाही आणलं. बघण्यासारखं तिथं काय आहे, हे आमच्या प्राचार्यांनीही विचारलं होतं. मी देशावरच्या एका तालुक्याच्या गावी कॉलेजात भूशास्त्र शिकवते आणि दर हिवाळ्यात शेवटच्या वर्षाच्या मुलांना घेऊन कुठे ना कुठे खडक बघायला जाते. प्राचार्य म्हणाले, "मॅडम, भिवंडीत गोडाऊनशिवाय आहे काय?" मी म्हटलं, "गोडाऊनच्या खाली आहे, सर." त्यांनी सही केली. नऊ मुलांच्या वर्गावर वाद घालायला त्यांनाही वेळ नव्हता.

खरं कारण मी त्यांना सांगितलं नाही, तुम्हाला सांगते. सत्तावीस वर्षांपूर्वी एम.एस्सी.च्या नकाशाकामासाठी मी भिवंडी तालुक्यात महिनाभर राहिले होते. हे काम दोघांच्या जोडीने करतात. माझी जोडीदार होती कुंदा, अंजूरची, वर्गातली माझी सगळ्यात जवळची मैत्रीण. आम्ही तिच्याच घरी राहायचो. तिच्या घरामागे एक टेकडी होती आणि टेकडीच्या अंगातून एक काळी दगडी भिंत गेली होती. जमीन फाटते, फटीत खालून लाव्हा शिरतो आणि तिथेच थिजतो. अशा उभ्या भिंतीला आम्ही डाइक म्हणतो. भिंत ज्या दिशेला धावते त्यावरून जमीन कोणत्या बाजूंनी ओढली गेली ते कळतं. म्हणून तिची दिशा मोजणं हे सगळ्यात महत्त्वाचं काम. टेकडीच्या माथ्यावर भिंतीचा जेमतेम हातभर तुकडा उघडा होता, बाकी सगळी झाडीत आणि मातीत. मी त्या तुकड्यावर होकायंत्र ठेवलं आणि ते बऱ्यापैकी पूर्व-पश्चिम सांगत होतं. कुंदा म्हणाली, नाही, ती उत्तर-दक्षिणच आहे. लहानपणापासून इथं म्हशी राखल्यात, भिंतीच्या कोणत्या अंगाला सूर्य बुडतो ते मला ठाऊक आहे. आमचे सर तपासणीला आले होते, त्यांच्यासमोर मी म्हणाले, "हिला घरच्या नजरेनं बघायची सवय आहे, यंत्रातून नाही." सर हसले आणि त्यांनी यंत्राची बाजू घेतली. कुंदाच्या वहीवर लाल शाईत 'नोंदी निष्काळजी' असा शेरा पडला. मी तशीच सरांच्या जीपमध्ये बसून निघून आले. कुंदाने प्रबंध दिलाच नाही आणि त्याच उन्हाळ्यात तिचं लग्न झालं. त्यानंतर आम्ही एकमेकींशी बोललो नाही.

माझा मात्र त्या पूर्व-पश्चिम 'आडव्या डाइक'वर प्रबंधाचा एक अख्खा भाग लिहून झाला आणि त्यावरच नोकरी लागली. पुढे काही वर्षांनी आमच्याच भागातल्या एका डोंगरमाथ्यावर एका विद्यार्थ्याने मला गंमत दाखवली. होकायंत्र खडकावरून हळूहळू पुढे नेलं की सुई गरागरा फिरायची. माथ्यावर वीज पडते आणि बसाल्टमधलं लोह त्या विजेने चुंबक होऊन बसतं. मग यंत्राला उत्तर कुठे ते कळत नाही. हे पुस्तकात मी वाचलं होतं आणि शिकवलंही होतं. त्या दिवशी अंजूरचा माथा आठवला. ती शंका मी पुढे बरीच वर्षं दाबून ठेवली. प्रत्येक वर्गाला मी ती आडवी डाइक शिकवत राहिले, दरवेळी आवाज थोडा खाली घेऊन. यंदा दिवाळीत फोनवर उपग्रहाची चित्रं बघताना अंजूरची ती टेकडी अर्धी कापलेली दिसली, तेव्हा ठरवलं की आता जायचंच. भिंत उरली असेल तर ती पुन्हा मोजायची, आणि मी चुकले असेन तर ते कुंदाला तोंडावर सांगायचं. मला ती परत हवी होती, हे खरं. दगडाचं निमित्त होतं.

भिवंडी

पहिल्या दिवशी मुलांना दगड दाखवायच्या आधी मी पॉवरलूमवर नेलं. मंगल कार्यालयात आमची उतरायची सोय होती, त्याच्या मागच्याच गल्लीत लूम चालतात, सकाळी जाग यायची तीच त्या खडखडाटाने. आमच्याकडे पहाटे कोंबडा असतो, इथे शिफ्ट बदलते. लूमवर सलीमभाई म्हणून आझमगढकडचे कारागीर होते. शिफ्ट संपवून चहा पीत बसले होते. मुलांना भूशास्त्र शिकवते म्हटल्यावर त्यांनी विचारलं, "मतलब पत्थर का डॉक्टर?" ओंकार नावाचा आमचा एक वात्रट विद्यार्थी लगेच म्हणाला, "नहीं चाचा, पत्थर का ज्योतिषी." सलीमभाई मनापासून हसले.

मी त्यांच्याकडे कोऱ्या कापडाचा एक टाकाऊ पट्टा मागितला. ओंकारला एक काठ धरायला दिला, तेजश्रीला दुसरा, आणि मधे कात्रीने बारीक चीर दिली. म्हटलं, "ओढा." चीर सरकन् लांबीच्या बाजूने फाटत गेली. "आडवा खींचोगे तो खडा फटेगा," सलीमभाई म्हणाले, "इसमें क्या सीखना है? यहाँ का बच्चा भी जानता है." मी म्हटलं, आमच्या मुलांना तीन तास लागतात. मग सांगितलं की सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वी कोकणची ही जमीन अशीच पूर्व-पश्चिम ओढली गेली, उत्तर-दक्षिण फाटली, फटींत लाव्हा भरला. म्हणून भिवंडीपासून मुरबाडपर्यंतच्या बहुतेक डाइक उत्तर-दक्षिण धावतात.

तेजश्री अभ्यासू. तिने हातातला तुकडा बघत विचारलं, "मग मॅडम, त्या बाजूचा भाग कुठे गेला?"

"सेशेल्स. आफ्रिकेच्या बाजूला समुद्रात बेटं आहेत ना, ती एके काळी आपल्याला चिकटलेली होती."

"परत येतील?"

"नाही. अजून लांबच चालली आहेत. वर्षाला आपली नखं वाढतात तितकी."

हे मी दर वर्षी सांगते, पण त्या सकाळी मधेच थांबून मी डोळे पुसले. मुलांना वाटलं कापसाच्या धुळीनं. सलीमभाईंनी पाणी आणून दिलं.

अकलोली

दुसरा दिवस तानसा नदीच्या काठचा. जाताना रस्त्याच्या कडेला कापलेला डोंगर लागला, तिथे गाडी थांबवली. आमच्याकडे देशावर लाव्ह्याचे थर एकावर एक भाकऱ्या रचल्यासारखे आडवे असतात. मुलांनी जन्मभर तेच पाहिलेलं. इथे थर पश्चिमेकडे कलंडलेले, समुद्राच्या दिशेने हळूच मान टाकल्यासारखे. कल अगदी थोडा, पाच-सात अंश, पण एकदा दिसला की दिसतच राहतो. जमीन समुद्राकडे वाकून मग तुटली, त्या वाकण्याची ही खूण. सगळ्या वर्गाची डोकी एकाच बाजूला कलंडलेली बघून रस्त्याने जाणारे दोन टेम्पोवाले थांबले. त्यांनाही वाटलं असेल, काहीतरी पडलंय वर.

पुढे अकलोलीला गरम पाण्याची कुंडं. पावसाचं पाणी भेगांतून खूप खोल जातं, तापतं आणि दुसऱ्या भेगेने वर येतं. हे माझं वाक्य संपायच्या आत ओंकारने सगळ्यात गरम कुंडात पाय घातला आणि किंचाळत बाहेर उडी मारली. त्याचा पाय लालबुंद झाला आणि वर्गाचा दिवस सार्थकी लागला.

कुंडाजवळ एक वारली बाई करांदे, म्हणजे रानातले कंद, उकडून विकत बसली होती. चुनाबाई नाव. आमचे हातोडे आणि होकायंत्रं बघून तिने टोपलीवर फडकं ओढलं आणि सरळ विचारलं, "जमीन मोजाया आलंव का?"

"नाही हो, दगड बघायला."

"सगले तेच बोलतात. आंदी दगड बघतात, मंग खांब गारतात."

तिची समजूत घालायला अर्धा तास लागला. त्यात आम्ही तिचे सगळे करांदे संपवले. मिठाबरोबर खायचे, किंचित कडू लागतात आणि मग गोड. पाणी गरम का, हे मी तिला विचारलं. देवीनं राक्षस मारलं त्यांचं रगत, ती म्हणाली. मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तुमचं येगलं असंल." मी माझं सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि ओंकारच्या पायाला लावायला कसलासा पाला कुटून दिला. माझ्या बोलण्यापेक्षा त्या पाल्याचा उपयोग जास्त झाला.

संध्याकाळी मुलं पाण्यात पाय सोडून गाणी म्हणत बसली. कुंदा आणि मी याच दगडावर बसायचो, महिनाभर दर रविवारी. ती केस मोकळे सोडून पाठ शेकायची आणि मला तिच्या आगरी बोलीतल्या शिव्या शिकवायची. मी देशावरच्या हेलात त्या उच्चारल्या की ती हसून हसून लोळायची. तसं मला बघून पुन्हा कुणी हसलं नाही. नवरा आहे, मुलगी आहे, सगळं चांगलं आहे. पण माझ्या वयाचं, माझ्या कामातलं, मला 'शैले' म्हणून हाक मारणारं माणूस मी स्वतःच्या हाताने घालवलं. त्या दगडावर बसून हे फार स्पष्ट कळलं.

अंजूर

तिसऱ्या दिवशी अंजूर. खाडीकडची शेतं मला आठवत होती तिथे निळ्या पत्र्यांची गोडाऊन उभी होती, एकापुढे एक, शेवट दिसत नव्हता. गावातली देवळं आणि मधले आंबे मात्र जागेवर. टेकडीच्या जागी सपाट मैदान, दोन पोकलेन, आणि आंब्याखाली प्लास्टिकच्या खुर्चीवर बसलेला एक जाडजूड माणूस.

त्याने मला नीट निरखलं. "शैलाताई ना? ओलखलं न्हाय मना? विलास. तुमी आमच्याकडं रायलावता तवा मी आठवीत व्हतो. तुमचा तो हातोडा पलवायचो."

कुंदाचा धाकटा भाऊ. मी त्याच्या पोटाकडे बघितलं, त्याने माझ्या पांढऱ्या केसांकडे, आणि दोघंही हसलो. सगळ्या मुलांना त्याने शहाळी मागवली. मी भीत भीत विचारलं, काळी भिंत आहे का रे?

"हाय ना! सगला डोंगर गेला, तीच तेवरी ऱ्हायली. दोन ब्रेकर तुटले तिच्यावर. शेवटी बोललो, ऱ्हाऊ दे तिला जमिनीत, वरून काँक्रीट मारा. उद्या सकालपासून मारनार."

मैदानाच्या मधोमध ती होती. मी पाहिली होती त्याहून कितीतरी उघडी. टेकडी कापून सपाट केल्यामुळे भुऱ्या जमिनीवर काळा पट्टा या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ गेला होता. हातभर तुकड्यावरून मी प्रबंधाचा एक अख्खा भाग लिहिला होता. इथे शंभर पावलं भिंत पसरली होती, आणि ती कुठे जाते हे सांगायला कुठल्याही यंत्राची गरज नव्हती. सकाळचं कोवळं ऊन होतं, सगळ्यांच्या लांब सावल्या पश्चिमेकडे पडल्या होत्या आणि त्या पट्ट्याला आडव्या छेदत होत्या.

तरी मोजलं. पोकलेनचं काम थांबवून त्या दूर न्यायला लावल्या, लोखंडाचा परिणाम नको म्हणून. होकायंत्र दगडावर ठेवायचं नाही, हे मीच ओरडून सांगितलं. तेजश्री एका टोकाच्या पलीकडे उभी राहिली, ओंकार दुसऱ्या टोकाच्या पलीकडे, लंगडतच. दोघांनी एकमेकांकडे रोखून दिशा घेतली, तिकडून इकडे आणि इकडून तिकडे.

"उत्तर-दक्षिण, मॅडम!" तेजश्री ओरडली. "दोन-तीन अंश पश्चिमेला. पण मग ही ती आडवी डाइक नाहीये. आपण चुकीच्या ठिकाणी आलोय का?"

माथ्यावरचे धोंडे विलासने बाजूला ढीग करून टाकले होते. मी त्यातल्या एका काळ्या धोंड्याजवळ यंत्र नेलं. सुई थरथरली आणि वळली. धोंड्याभोवती फिरवलं तशी तीही फिरत राहिली. मुलं भोवती जमली. मी तिथेच धोंड्यावर बसले आणि त्यांना सगळं सांगितलं: वीज, माझं यंत्र, कुंदा, सरांसमोर बोललेलं वाक्य, लाल शेरा, सगळं. ठिकाण बरोबर आहे, म्हटलं, मॅडम चुकलेल्या आहेत. वहीत असंच लिहा.

तेजश्रीने वही उघडून तसंच लिहिलं. मग ओंकारने विचारलं, "त्या मावशी कुठे असतात आता?"

विलासने उत्तर दिलं. "दापोड्याला दिलीय. काटा हाय त्यांचा, ट्रक वजन करायचा. तीच बसते तिथं. जाव का? फोन करू?"

"फोन नको," मी म्हटलं. मला भीती वाटत होती की ती येऊ नको म्हणेल.

दापोडे

दुपारी मुलांना विलासच्या हवाली करून मी रिक्षाने एकटीच दापोड्याला गेले. ट्रकच्या रांगेच्या टोकाला वजनकाटा आणि त्याला लागून काचेची छोटी केबिन. आत कुंदा. केस तिचेही पिकलेले, चष्मा आलेला, पण ड्रायव्हरशी बोलताना भुवई उडवायची लकब तीच. "गाडी पूरा अंदर लो भैया, आधा चक्का बाहर है." तिने वर बघितलं. बाजूची खुर्ची पुढे सरकवली आणि म्हणाली, "ये. बस. एवढा ट्रक होऊ दे."

ट्रक झाला. रिक्षात बसून मी वाक्य जुळवत आले होते, ते सगळं विसरले. एवढंच म्हणाले, "कुंदा, भिंत उत्तर-दक्षिण आहे. माझं चुकलं होतं. तुझ्या वहीवरचा तो शेरा माझ्यामुळे पडला. सगळं माझ्यामुळे झालं."

"हाय माहीत मला," ती म्हणाली. "विलासनं डोंगर उतरवला त्याच दिवशी जाऊन बघून आले. उभी राहिले तिच्यावर. बरं वाटलं खूप."

"मला कळवलं का नाहीस?"

"कशाला? तू भांडायला आली असतीस तर?" आणि हसली. मग चष्मा काढून पदराने पुसत राहिली. "शैले, दगडाचं मी कधीच सोडलं. डिग्रीचं पन सोडलं. लग्न तसंही ठरतच होतं, ते तुझ्यामुळं न्हाय झालं. राग आला तो दुसऱ्याच गोष्टीचा."

"कशाचा?"

"तू जेवली न्हायस त्या दिवशी. तू आईला बोलली होतीस, जायच्या आधी एकदा निवट्या खायच्यात. आई पहाटे भरती उतरल्यावर चिखलात गेली, मांडीएवढ्या चिखलात. तुझ्यासाठी म्हणून आटवून कालवण केलं. आणि तू जीपमधून गेलीस निघून. आई संध्याकाळपर्यंत ओसरीवर बसली होती, पोरगी येल म्हणून. कुनाला वाढू दिलं न्हाय तिनं."

मला काहीच आठवत नव्हतं. निवट्या म्हणजे खाडीच्या चिखलात उड्या मारत पळणारे छोटे मासे, हे ठाऊक होतं. मी त्या मागितल्या होत्या, हे गेल्या सत्तावीस वर्षांत एकदाही मनात आलं नव्हतं. भिंतीची दिशा मी हजार वेळा आठवली होती.

"आई कशी आहे?" मी विचारलं.

"गेली. चार वर्षं झाली. कधी कधी विचारायची, तुझी ती घाटावरची मैत्रीण रागावली का गं आपल्यावर? मी बोलायचे, न्हाय गं, कामात असते."

मी रडले. रडायला लाज वाटावी असं वय राहिलेलं नाही. कुंदाने रडू दिलं. मधे एक ट्रक आला, त्याची चिठ्ठी तिने फाडून दिली. मग टेबलाखालून डबा काढला, तांदळाच्या भाकरीचे दोन तुकडे केले आणि सुकटाची चटणी मधे ठेवली. आम्ही एकाच डब्यातून जेवलो. सेशेल्सचं मी तिला सांगितलं, मुलं काय विचारतात ते सांगितलं, मुलीचे फोटो दाखवले. तिने तिच्या नातीचे दाखवले. निघताना तिने रिक्षावाल्याला भाडं ठरवून दिलं आणि मला फोन नंबर लिहून दिला, वजनाच्या चिठ्ठीच्या मागे.

मी विचारलं, "पुढच्या वेळी आले तर निवट्या करशील?"

"आता कुठल्या गं," ती म्हणाली. "खाडीचं पानी बघितलंस ना? आईसोबतच गेल्या त्या. दुसरं काय पन माग, करते."

परत येऊन आता पंधरा दिवस झाले. रविवारी आम्ही बोलतो. तिने मला 'शैले' म्हटलं की मी घरात जिथे असेन तिथे खाली बसते. नवा नकाशा काढून मी त्यावर दोघींची नावं लिहिली आहेत, तिचं आधी. पण निवट्या कशा लागतात, ते मला अजून माहीत नाही.